डोळे ताजे हवेत

नव्या औषधाचा थेंब सशाच्या डोळ्यात घालायला संशोधक विद्यार्थिनी मृण्मयीने साफ नकार दिला.

“मग काय, न तपासता माणसांच्या डोळ्यात घालू?” दातार सर चिडले.

“कोंबडीच्या डोळ्यांवर तपासू, सर. चिकनच्या दुकानात ते फेकूनच देतात.”

जन्मभर शाकाहारी असलेल्या सरांच्या अंगावर काटा आला. तेवढ्यात पिंजऱ्यातला ससा त्यांचं बोट चाटू लागला. सर विरघळले.

सकाळी ते चिकनच्या दुकानात रांगेत उभे राहिले.

“काय देऊ, काका?”

“डोळे. ताजे हवेत.”

दुकानदाराचा सुरा थांबला. “कालवण करता की सुकं?”

मागेच उभ्या असलेल्या शेजारच्या सामंतबाई कान टवकारून पुढे सरकल्या.

दुपारपर्यंत सोसायटीभर बातमी पसरली, की दातार आता कोंबडीचे डोळेसुद्धा सोडत नाहीत! सर मात्र प्रयोगशाळेत सशाला कोथिंबीर भरवत खुशीत हसत होते.