काकूंच्या भिंतीवरची पेटी

चेरीतालच्या आमच्या गल्लीतल्या नेटच्या सगळ्या वायरी एकट्या राहणाऱ्या शरयूकाकूंच्या गॅलरीतल्या पेटीत यायच्या. नेट गेलं की नेटवाला भैया तिथं चढायचा आणि मागोमाग आम्हीही पोचायचो.

"माझ्याच भिंतीवर काहून लावली रे ही पेटी? मी तर नेट वापरतही नाही," आल्याचा चहा देताना काकू दर वेळी कुरकुरायच्या.

शेवटी आम्हीच मागे लागून पेटी समोरच्या खांबावर हलवून घेतली.

"चलो काकू, तुमचा त्रास संपला," आमच्यातला अंबरीश म्हणाला.

"अच्छा," एवढंच काकू बोलल्या.

काल पुन्हा नेट गेलं. भैया खांबावर चढला, आम्ही खाली जमलो.

काकूंच्या घरातून आलं कुटायचा आवाज आला, आणि मध्येच थांबला.