आधी कोण?

वहिनीची बॅग दारात होती आणि आईचं तोंड अजून चालूच होतं. "पांढऱ्या पायाची म्हणतात ती अशी. वर्ष नाही झालं घरात येऊन आणि टीबी घेऊन आली. ह्या घरात हे दुखणं कधी कुणी ऐकलं होतं का?"

वहिनी भिंतीला टेकून उभी होती. तोंडाला मास्क, पायात चपला. खरं तर तिला दवाखान्यात नेलं होतं ते गोड बातमीच्या आशेनं. बातमी निघाली ती ही! आता तिचा भाऊ तिला न्यायला निघाला होता. सहा महिने माहेरी राहून औषधं घ्यायची, मग काय ते बघू, असं दादानं ठरवलं होतं. "मग काय ते बघू" म्हणजे काय, हे घरात कुणी विचारलं नाही. सगळ्यांना कळत होतं.

तेवढ्यात दादाची धाकटी बहीण जिना चढून आली. काखेत बाबांच्या छातीचा एक्स-रे. ती साथरोगशास्त्र शिकत होती, पहिलंच वर्ष. आणि नवं शिकलेल्या माणसाला दम कुठला निघायला! वहिनीचा आजार कळल्यापासून ती घरातल्या सगळ्यांच्या मागे तपासणीसाठी हात धुऊन लागली होती. शेवटी कटकट नको म्हणून एकेक जण जाऊन आला होता.

"थांबा," ती चपला न काढताच म्हणाली. "वहिनी कुठंही जाणार नाही."

"का? कॉलेजात ठराव झाला का तसा?" दादानं विचारलं.

"कॉलेजातच शिकवलंय. साथीत जो पहिला सापडतो, तोच पहिला आजारी असतो असं नाही. तो फक्त पहिला दवाखान्यात गेलेला असतो. वहिनीला तुम्ही नेलंत म्हणून ती सापडली. ज्याला कुणी नेलंच नाही त्याचं काय?"

खिडकीपाशी पेपर वाचत बसलेले बाबा खोकले. त्यांच्या खोकल्याकडे घरात कुणी ढुंकून पाहत नसे. उलट तो जिन्यात ऐकू आला की आई चहाचं आधण ठेवायची, इतका तो घरचा झाला होता. सिगारेटचा खोकला, दुसरं काय!

धाकटीनं एक्स-रे खिडकीच्या काचेला लावला आणि उजवीकडे वरच्या बाजूला बोट ठेवलं. तिथं एक गोल पोकळी होती. "हे जुनं आहे, डॉक्टर म्हणाले. वहिनी ह्या घरात यायच्या आधीचं. बाबांच्या थुंकीतही जंतू निघालेत. आई, तिनं काही आणलं नाही. तिला आपण दिलं."

बाबांनी पेपर खाली ठेवला. "म्हणजे मी?"

आई मटकन खाली बसली. दादा एक्स-रेकडे बघत राहिला, जणू तो दुसऱ्या कुणाचा तरी निघेल. धाकटीला वाईट वाटलं, बापच होता तो. पण खोटं कशाला बोला, आतून तिला आनंदही झाला होता. परीक्षेसाठी घोकलेलं पहिल्यांदाच कुणाच्या तरी कामाला आलं होतं. एका गरीब बाईवरचा आळ तिनं पुसून टाकला होता.

आईनं डोळे पुसले आणि ती उठली. बाई मुळात व्यवहारी.

"आता ह्यांना वेळेवर गोळ्या हव्यात, दूध हवं, अंडी हवीत. माझे गुडघे हे असे. हिचं कॉलेज, ह्याची नोकरी." ती वहिनीकडे वळली आणि आजार कळल्यापासून पहिल्यांदाच तिच्याशी गोड बोलली. "तू कुठं निघालीस गं? सासऱ्यांना असं टाकून जातात का? दुखणं एकच, औषधं एकच, दोघांचं एकदमच होऊन जाईल. आणि तुला झालेलंच आहे, तुला आता नव्यानं काय व्हायचंय? आम्ही आपलं जरा लांब राहू."

"बरोबर आहे," दादा म्हणाला. मग धाकटीला विचारलं, "झालेल्याला परत लागत नाही ना गं?"

"अरे, तसं नसतं ते. तिला विश्रांती..."

"मग झालं तर," दादा म्हणाला. त्यानं वहिनीला सांगितलं, "भावाला फोन कर. म्हणावं, अर्ध्या वाटेतून परत फिर."

धाकटीनं बॅग उचलून आतल्या खोलीत नेली. वहिनी मागोमाग आली आणि पलंगाच्या कडेला बसली.

"आता तुला कुणी एक अक्षर बोलणार नाही, वहिनी," धाकटी म्हणाली. आवाज तिला वाटला होता तेवढा खणखणीत निघाला नाही.

वहिनीनं मास्क खाली ओढला. ओठ सुकून गेले होते. "मी नाही आणलं, हे मला माहीतच होतं हो. पण म्हटलं, बोलू देत काय बोलायचं ते. माहेरी माझ्या आईनं मागची खोली रिकामी करून ठेवलीय. पहाटे कुणी उठवणार नव्हतं, कुणाचा डबा नव्हता. नुसती झोपणार होते मी."

धाकटीनं बॅग हळूच पलंगाखाली सरकवली.

"अगं, दूध तापव आधी!" बाहेरून आईची हाक आली. "आणि ह्यांचा पेला वेगळा काढ."

वहिनीनं पलंगावर हात टेकला आणि ती उठली. दाराशी गेली, थांबली, मागं वळली.

"ताई, रागावू नका," ती हळूच म्हणाली. "पण हे तुम्ही उद्या सांगितलं असतं, तर चाललं नसतं का?"