गैरहजर

शिपायाने दारातून तिसऱ्यांदा पुकारा केला, "अच्युत केळुसकर हाजिर हो!" शेवटच्या बाकावर नलिनी पर्स पोटाशी धरून बसून राहिली. पर्समध्ये वडिलांची, अच्युत अण्णांची, बोलकी पेटी होती आणि ती तिने सकाळीच बंद करून टाकली होती.

अण्णा जाऊन बरीच वर्षं झाली. पण त्यांचा आवाज, त्यांची बुद्धी, त्यांचा हट्ट, सगळं त्या पेटीत उतरवून घेतलं होतं. पेटी 'हजर' म्हणाली की कायद्याने माणूस हजर. त्यामुळे शेताकडे जाणाऱ्या पाणंदीच्या हक्काचं हे अपील संपत नव्हतं, आणि अण्णा ते मागे घ्यायला तयार नव्हते. पाणंदीवर केव्हाच उड्डाणपूल झाला होता. दर तारखेला कोर्टाचा जिना चढून नलिनीचे गुडघे मात्र कामातून गेले होते. आज अण्णा गप्प राहिले की अपील फेटाळलं जाणार होतं, आणि ती सुटणार होती.

"अपीलदार गैरहजर," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "अपील..."

"थांबा, मॅडम!" समोरच्या टेबलावरची पेटी बोलली. ती पेडणेकरांची, अण्णांच्या जन्माच्या वैऱ्याची. तेही केव्हाच गेले होते. "केळुसकर तारीख चुकवणारा माणूस नाही. पुढची तारीख द्या. माझी हरकत नाही."

मॅडमनी सुस्कारा टाकून तारीख दिली.

नलिनी टेबलाजवळून जाताना पेटीने हळूच विचारलं, "पोरी, अच्युत बरा आहे ना गं?"

ती थांबली.

"झोपलेत, काका," ती म्हणाली. "पुढच्या तारखेला आणते."