सारजाची खिरापत

गोदाआक्कांच्या अंगणात भोंडल्याची गाणी संपली. गावकुसाबाहेरच्या वस्तीतली सारजा झाकलेला डबा हलवत म्हणाली, "ओळखा, काय आणलंय?"

पूर्वाच्या आईने लेकीचा दंड धरला. "चल घरी. त्यांच्या हातचं आपण खात नाही." बाकीच्या आयाही उठल्या. सारजाचा हात थांबला.

पोरींना गाणी शिकवणाऱ्या आक्कांच्या अंगाचा तिळपापड झाला. फाटकाला कडी घालून त्या आडव्या उभ्या राहिल्या.

"आक्का, रीत असते काही!"

"असते ना! खिरापत ओळखल्याशिवाय भोंडला संपत नाही. तुम्हालाही मीच शिकवली ती रीत, भवान्यांनो. बसा खाली!"

कुणीच बसेना.

"गूळपापडी!" पूर्वा ओरडली.

सारजाने झाकण काढलं. डब्यात गूळपापडीच होती. आई दंड ओढत होती, तोवर पूर्वाने दुसऱ्या हाताने वडी तोंडात टाकलीसुद्धा.