पदवीदानाचा कोंबडा

शनिवारी दुपारी एक वाजता केनियातल्या किसुमूत सेलिनाने कोंबडा कापला. पदवीदान इंग्लंडमध्ये होतं, मोबाइलवर दिसत होतं. काळ्या झग्यातली एक गोरी मुलगी मंचावर चढली आणि सेलिना आनंदाने अशी ओरडली की शेजारीण धावत आली.

"आई, हळू. हे गुपित आहे," अपोंदी म्हणाली. त्या गोऱ्या मुलीचे सगळे निबंध अपोंदीनेच पैसे घेऊन लिहिले होते. तिचं स्वतःचं कॉलेज दुसऱ्या वर्षालाच सुटलं होतं.

"गुपित तुमचं. कोंबडा माझा आहे."

"कोण पास झालं गं?" शेजारणीने विचारलं.

"माझी पोर. झगा तेवढा दुसरीने घातलाय."

जेवताना त्या मुलीचा निरोप आला. अपोंदीने तो वाचून दाखवला: 'मला नोकरी लागली. ऑफिसचे अहवालही तूच लिहिशील? पैसे दुप्पट देईन.'

कर्त्या पुरुषासाठी राखायचा मानाचा तुकडा सेलिनाने लेकीच्या ताटात वाढला.

"जमणार नाही म्हणून कळव. सोमवारी तू कॉलेजात परत नाव घालतेयस."

संध्याकाळपर्यंत अपोंदीने दोघींनाही उत्तर दिलेलं नव्हतं.