बेताचं मीठ

"हे अंडं हुंग," आचारी कुजबुजला.

बायकोने वाटी नाकाशी नेली. "चांगलं आहे."

"आणि हे?"

"अहो, आठच्या आठ चांगली आहेत. काल तर आणलीत!"

"तरी हुंग."

तिने हुंगलं. पण त्याचं समाधान होईल तर शपथ.

अडीच महिन्यांपूर्वी त्याला ताप आला, चार दिवसांनी गेला, आणि जाताना नाक आणि जीभ दोन्ही घेऊन गेला. कांदा काय नि साबण काय, त्याला सगळं सारखंच. सतरा वर्षं हॉटेलच्या शेगडीपुढे काढलेला माणूस, आणि आता चहात साखर आहे का, हे बायकोला विचारत होता. हॉटेलात कोणाला पत्ता नव्हता. तो तराजूवर आणि घड्याळावर रांधायचा. चव बघायची वेळ आली की हाताखालच्या माणसापुढे चमचा धरून दरडावायचा, "सांग बघू, काय कमी आहे?" लोकांना वाटायचं, शिकवतोय. शिकवतोय कसला, कप्पाळ!

आज मात्र मालकीणबाई घरी जेवायला येणार होत्या. गेल्या महिन्यात हॉटेलातला खराब मासा ताटात गेला, दोन लहान मुलं दवाखान्यात पोचली, आणि म्हाताऱ्या मुख्य आचाऱ्याला त्याच दिवशी घरी बसवलं. त्याच्या जागी कोणाला घ्यायचं, ते बाई आज ठरवणार होत्या. "आपल्याकडे मिळत नाही असं काहीतरी कर," असं त्यांनी बजावलं होतं. जागा मिळाली तर ठीक. पण सोंग उघडं पडलं, तर होती ती नोकरीही जाणार.

म्हणून त्याने ग्रीक पद्धतीचा भाज्यांचा फ्रिटाटा निवडला. म्हणजे जाडजूड ऑम्लेटच, आधी गॅसवर आणि मग ओव्हनमध्ये. त्याचं सगळं डोळ्यांना दिसतं. पालक बसलेला दिसतो, ढोबळी मिरची मऊ झालेली दिसते, अंडं कडेने फुगलेलं दिसतं. राहता राहिलं मीठ. फेटा चीज आणि ऑलिव्ह मुळातच खारट, म्हणून बायकोच्या जिभेवर चार वेळा करून बघून त्याने माप ठरवलं होतं. चार ग्रॅम. त्याच्यावर एक कण नाही.

"जेवताना सगळं ठीक असेल तर मी तुमच्या पेल्यात पाणी ओतेन," बायको म्हणाली. "बिघडलं असेल तर माझा पेला उचलेन."

"आणि त्यांना कळलं तर?"

"तर बसा माझ्याबरोबर घरी, पालक निवडत."

ती हसली. त्याने मात्र अंड्यांची वाटी पुन्हा तिच्या नाकाशी धरली.

बाई वेळेआधीच आल्या आणि थेट स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहिल्या. बायको त्यांचा कोट ठेवायला बाहेरच्या खोलीत गेली. बाई बोलत होत्या, तो हो ला हो करत मीठ मोजत होता.

"अहो, जळतंय ना!" बायको ओरडतच आत आली. गॅसशेजारचं फडकं अर्धं काळं होऊन धुमसत होतं. तिने ते चिमट्याने उचललं आणि नळाखाली धरलं.

संपलं! खोलीभर जळका वास सुटला असणार, आणि आचारी ढिम्म!

"मला आलाच होता वास," बाई घाईघाईने म्हणाल्या. "म्हटलं बघू, तुझं लक्ष जातंय का."

"लक्ष होतं बाई. हात गुंतले होते."

"असं होय," बाई म्हणाल्या आणि दुसरीकडे बघू लागल्या.

त्याने खाली पाहिलं. मिठाची वाटी रिकामी होती. अंड्यात ओतून रिकामी, की अजून मोजलंच नव्हतं? काही केल्या आठवेना. बायको पाठमोरी, नळ धो धो चालू, आणि बाईंची नजर पुन्हा त्याच्या हातावर. काहीतरी करणं भाग होतं. त्याने अंड्यात बोट बुडवून जिभेला लावलं. काही नाही. नुसतं गार.

"मीठ कमी आहे," तो ठसक्यात म्हणाला, आणि चार ग्रॅम टाकून मोकळा झाला.

अर्ध्या तासाने तिघं टेबलाशी बसली. फ्रिटाटा वरून सोनेरी, कापला की आत हिरवा-लाल. बायकोने पहिला घास घेतला, डोळे मोठे केले, आणि स्वतःचा पेला उचलून एका दमात रिकामा केला.

मेलो, तो मनात म्हणाला.

बाई खात होत्या. सावकाश, चवीने. एक तुकडा संपवून त्यांनी दुसरा घेतला.

"वा! मीठ तर अगदी बेताचं."

मांजर उंदराला खेळवतं तशा या आपल्याला खेळवताहेत, याबद्दल त्याला आता शंका उरली नाही. फडक्याच्या वेळीच ओळखलं असणार. त्याला ते सहन होईना.

"बाई, मला एक सांगायचंय..."

टेबलाखाली बायकोने त्याचा पाय दाबला.

"आधी माझं ऐक," म्हणत बाईंनी पर्समधून किल्ल्यांचा जुडगा काढला आणि त्याच्या ताटाशी ठेवला. "घे. पदार्थ चाखल्याशिवाय तू पुढे जात नाहीस, हाताखालच्यांनाही चव शिकवतोस. रोज बघते मी. असाच माणूस हवा होता मला."

बायकोने त्याच्या पायावरचा पाय काढला. बाईंचा आवाज मात्र खाली आला.

"त्या म्हाताऱ्याचा काही दोष नव्हता रे. तो मासा हुंगून 'चालेल' म्हणणारी मीच होते. वर्ष होत आलं, मला कशाचा वास येत नाही की कशाची चव लागत नाही. कोणाला सांगण्याची छाती झाली नाही. आज तुला सांगितलं, सुटले." त्यांनी तिसरा तुकडा ताटात ओढला. "उद्या सकाळी मासे येतील. तेवढे तू हुंगून घे."