घाटी कुणाला म्हणायचं

समजा, तुमच्या डोक्यावर रिकामा हंडा आहे. वर चैत्रातलं ऊन, पायाखाली तापलेला मुरूम. समोर नळ आहे, नळाला पाणी आहे, आणि नळापुढे एक माणूस आडवी काठी धरून उभा आहे. आलं डोळ्यांपुढे? मग आता तुम्ही सारजाच्या जागी उभे आहात.

"मागं हो," काठीवाला ज्योतीराम म्हणाला. "साहेबाचा हुकूम हाय. घाट्यांनी नळाला हात लावायचा न्हाई."

तेव्हा पिंपरीला रुळांच्या पलीकडे एक नवा कारखाना उभा राहत होता. पाया खणायला मावळच्या डोंगरांतून बारा कुटुंबं आली होती. खणून झालं, तशी कामावरच्या दौलतराव साहेबांना त्यांची खोपटी डोळ्यांत खुपायला लागली. खोपटी हलवा, म्हणाले. कुणी हलेना, तेव्हा त्यांनी त्यांचं नळाचं पाणी बंद केलं. त्या सकाळी अकरा कुटुंबं चंबूगबाळं उचलून डोंगराकडे परत गेली. सारजा राहिली, कारण तिची आई सरुबाई तापानं फणफणत होती. तिला उठून बसवत नव्हतं, तर चालणार कुठून? आणि दोघींना तिसरं कुणी नव्हतं.

"दादा, तुमालाबी साहेब घाटीच म्हनत्यात की," सारजा म्हणाली.

ज्योतीराम चाकणकडचा शेतकरी. त्याचे कान लाल झाले. "आमी घाटी? ए पोरी, आमची काळी रानं हायेत, ताटावानी सपाट. कांदं पिकवतो आमी. घाटी तुमी, डोंगरातली!"

पाण्याच्या इंजिनात तेल घालणारा बरकत मिस्त्री खुदकन हसला. तो मूळचा कोकणातला. "राव, आमच्या कोकणातून वर बघितलं तर तुम्ही दोघंही घाटीच. मी लहान होतो तेव्हा घाटी लोक बैलांवर गूळ-मिरच्या लादून खाली उतरायचे. घाटी आले, घाटी आले, म्हणत आम्ही पोरं पुढं धावायचो. गुळाचा खडा मिळायचा हातावर. त्यात शिवी कसली?"

"माजी आये म्हनती, घाट चढून ज्याला धाप लागत न्हाई, त्यो घाटी," सारजा म्हणाली. "मंग साहेब शिवी दिल्यावानी का म्हनत्यात?"

बरकतनं तेलकट हात फडक्याला पुसले. हसू गेलं होतं. "ते मुंबईहून आलेत, बेटा. तिथं ज्याला कामाला लावायचं पण शेजारी बसवायचं नाही, त्याला घाटी म्हणतात."

"काय गप्पा चालल्यात?"

दौलतराव साहेब मुरमाच्या उंच ढिगावरून बुटांसकट सरसर उतरत आले. डोक्यावर साहेबी टोपी, नाकाला रुमाल.

सारजा त्यांच्यापुढे जाऊन एका दमात बोलली. ती घाईत असली की तिची डोंगरातली बोली ज्योतीरामलाही दोनदा ऐकावी लागे. साहेबांना एकदाच पुरली.

"ताप आहे तर मुळीच नको इथं. नदीवर जा."

"नदी लांब हाय. तवर आयेपाशी कोन बसंल? येकच हंडा द्या, साहेब."

"एक हंडा दिला की उद्या बाराच्या बारा घरं परत येतील. मी ओळखतो तुम्हा घाट्यांना! ज्योतीराम, ही पुन्हा नळाजवळ दिसली तर तुझी हजेरी बंद."

साहेब आपल्या शेडमध्ये गेले. जेवले, खुर्चीत रेलले आणि तोंडावर टोपी ओढून झोपले.

बरकतनं आपल्या मडक्यातलं उरलेलं तांब्याभर पाणी गुपचूप सारजाला दिलं. तेवढ्यानं आईचे ओठ भिजले. कपाळावर पट्टी ठेवायला थेंब उरला नाही. आईच्या अंगाला हात लावला की चटका बसत होता. नळ टपटपताना खोपटात ऐकू येत होता.

सारजाच्या डोक्यात तिडीक गेली. तिनं हंडा उचलला आणि ती थेट मुरमाच्या ढिगावर चढली. पश्चिमेला, पार लांब, तिचे डोंगर धुरकट दिसत होते.

डोंगरात दाट धुकं उतरलं की हाताशी असलेला माणूस दिसत नाही. तेव्हा अडचणीत सापडलेला माणूस हाळी देतो. एक लांब, एक आखूड, पुन्हा एक लांब. ऐकणाऱ्यानं हातातलं टाकून ओ द्यायची, दोन आखूड आणि एक लांब. मग पिढ्यांचं वैर का असेना! आणि एकदा ओ दिली की हाळी आली तिथवर जायचं, त्याला काही सबब चालत नाही. तिथली पोरं नीट बोलायच्या आधी हे शिकतात.

ओ देणारे सगळे सकाळीच निघून गेले होते. सारजाला ते माहीत होतं. तरी तिनं हंडा पायाशी ठेवून तोंडाशी हात धरले आणि सगळा संताप एकवटून हाळी दिली.

ज्योतीराम दचकला. "गप, पोरी! साहेब झोपलाय. माजी हजेरी खाशील."

तिनं पुन्हा हाळी दिली. घसा सोलवटला. डोंगर होते तसेच उभे राहिले.

तिसऱ्या हाळीला ओ आली. दोन आखूड, एक लांब. खणखणीत.

सारजा गर्रकन वळली. ज्योतीरामच्या हातातली काठी गळून पडली होती. बरकत उठून उभा राहिला होता. शेडच्या दारात, टोपीविना, झोपेनं लाल झालेल्या डोळ्यांचे दौलतराव साहेब उभे होते, आणि त्यांचे दोन्ही हात अजून तोंडाशीच होते. तिनं हंडा ढिगाच्या माथ्यावर सरळ उभा केला आणि साहेब वर चढून यायची वाट बघत त्याच्याशेजारी बसून राहिली.